तीन वेळा 'अनारकली': मूकपटातल्या सुलोचनाबाईंची गोष्ट

गटाच्या बैठकीत 'सुलोचना' हे नाव घेतलं, की दोन उत्तरं येतात. कुणी म्हणतं, "त्या सिनेमातल्या आई." म्हणजे सुलोचना लाटकर, आपल्या सुलोचनादीदी. कुणी म्हणतं, "लावणी गाणाऱ्या." म्हणजे सुलोचना चव्हाण. दोघीही आपल्या मनातल्या. पण या दोघींच्या आधी एक तिसरी सुलोचना होऊन गेली. तिच्या काळात हिंदुस्थानातली सगळ्यात जास्त पगार घेणारी सिनेनटी म्हणून ती ओळखली जाई. जन्म पुण्याचा, काम मुंबईत. आणि तिचं खरं नाव सुलोचना नव्हतंच. ते होतं रूबी मायर्स.

आज या सुलोचनाबाईंची गोष्ट सांगते. सिनेमाची गोष्ट बचत गटाच्या बायांना कशाला, असं कुणाला वाटेल. पण ही गोष्ट कमावत्या बाईची आहे. हातात असलेलं काम एका रात्रीत बदलतं तेव्हा बाईने काय करायचं, आणि चांगले दिवस असतात तेव्हा काय करून ठेवायचं, हे दोन्ही प्रश्न तिच्या आयुष्यात आहेत. ते आपल्याही आयुष्यात आहेत.

मुका सिनेमा कसा चालायचा

आधी मूकपट म्हणजे काय ते समजून घेऊ. पडद्यावर माणसं हलतात, ओठ हलतात, पण आवाज नाही. दोन प्रसंगांच्या मध्ये लिहिलेल्या पाट्या येत. एकाच पाटीवर दोन-तीन भाषा असत. बहुतेकांना वाचता येत नसे, म्हणून थिएटरात कुणीतरी मोठ्याने वाचून दाखवी. पडद्याजवळ पेटी-तबलावाले बसत आणि प्रसंग बघून वाजवत. मारामारी आली की तबला जोरात, विरह आला की पेटी हळू.

म्हणजे नटीचं भांडवल काय? डोळे, चेहरा, हात आणि चाल. बोलायचं काहीच नाही. त्यामुळे तिला कुठली भाषा येते, याला महत्त्व नव्हतं. मुंबईत काढलेला सिनेमा लाहोरला चाले आणि कलकत्त्यालाही. फक्त पाट्या बदलायच्या.

पण नटी मिळणं मोठं कठीण. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला, तेव्हा तारामती व्हायला एकही बाई तयार झाली नाही. शेवटी ते काम साळुंके नावाच्या पुरुषाने साडी नेसून केलं. त्याच वर्षी फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघी पडद्यावर आल्या. आई पार्वती झाली आणि मुलगी मोहिनी. पण त्यानंतरही कितीतरी वर्षं 'घरंदाज बाई सिनेमात काम करत नाही' हीच समजूत होती.

म्हणून त्या काळातल्या बऱ्याच नट्या अँग्लो-इंडियन नाहीतर ज्यू घरांतल्या होत्या. त्यांच्या समाजात बाईने बाहेर नोकरी करण्याला तेवढा अडसर नव्हता. सिनेमावाले त्यांना हिंदू नावं देत. कलकत्त्याची रेनी स्मिथ 'सीतादेवी' झाली, पुण्याची रूबी मायर्स 'सुलोचना' झाली. सुलोचना म्हणजे सुंदर डोळ्यांची. मूकपटाच्या नटीला याहून चांगलं नाव कोणतं?

टेलिफोनवरची मुलगी

रूबीचा जन्म १९०७चा. आपल्या रायगडकडच्या गावांत पिढ्यान्पिढ्या राहिलेले मराठी बोलणारे ज्यू, म्हणजे बेने इस्राएल, आपल्याला माहीत आहेत. रूबीचं घराणं त्यांच्यातलं नव्हे. बगदादकडून आलेल्या ज्यूंपैकी ते होतं.

मुंबईत ती टेलिफोन ऑपरेटर होती. तेव्हा नंबर फिरवला आणि फोन लागला, असं नव्हतं. फोन उचलला की आधी एक्स्चेंजमधल्या मुलीचा आवाज येई. तिला नंबर सांगायचा. मग ती समोरच्या फळ्यावर वायर एका भोकातून काढून दुसऱ्यात घाले, तेव्हा बोलणं होई. दिवसभर कानाला यंत्र लावून बसायचं काम. आवाज स्पष्ट आणि इंग्रजी चांगलं हवं.

कोहिनूर फिल्म कंपनीचे दिग्दर्शक मोहन भवनानी यांनी तिला सिनेमात काम करशील का, असं विचारलं. तिने सरळ नाही म्हटलं. सिनेमात जाणं म्हणजे नाव घालवणं, असंच तिलाही वाटत होतं. भवनानींनी पिच्छा सोडला नाही, आणि शेवटी ती तयार झाली. अभिनय शिकलेली नव्हती, नाटकात काम केलेलं नव्हतं. १९२५ साली 'वीरबाला'पासून तिचं काम सुरू झालं. पुढच्याच वर्षी तिचे दोन सिनेमे आले, 'टायपिस्ट गर्ल' आणि 'टेलिफोन नी तरुणी'. या दुसऱ्या नावाचा अर्थ टेलिफोनवरची तरुणी. म्हणजे जी नोकरी सोडून ती आली होती, तीच पडद्यावर करून दाखवत होती.

इथे एक गोष्ट लक्षात घ्या. तोवरच्या सिनेमांत बाई म्हणजे देवी, राणी नाहीतर सती. आता पडद्यावर टायपिंग करणारी, फोन जोडणारी, पगार घेणारी मुलगी आली. शहरात बायका नुकत्याच ऑफिसांत जायला लागल्या होत्या. त्यांना पहिल्यांदा पडद्यावर आपल्यासारखं कुणीतरी दिसलं.

आठ रूपं आणि पाच हजार पगार

१९२७ साली आलेल्या 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे'मध्ये सुलोचनाबाईंनी आठ रूपं केली. माळी, पोलीस, हैदराबादी गृहस्थ, रस्त्यावरचं पोर, गोरी मडम, केळीवाली म्हातारी अशी. पुरुषांची सोंगंही त्यांनीच केली. ज्या धंद्यात चौदा वर्षांपूर्वी बाईचं काम पुरुषाला करावं लागलं होतं, तिथे आता बाई पोलीस होऊन उभी राहिली.

कोहिनूर सोडून त्या अर्देशर इराणी यांच्या इम्पीरियल फिल्म कंपनीत गेल्या. तिथे दिग्दर्शक आर. एस. चौधरी यांच्याबरोबर त्यांचे तीन सिनेमे लागोपाठ गाजले: 'माधुरी', 'अनारकली' आणि 'इंदिरा बी.ए.'. पहिले दोन १९२८चे, तिसरा १९२९चा. 'अनारकली'त सलीम झाले होते दिनशा बिलिमोरिया. पुढे या दोघांची जोडी बरीच वर्षं टिकली.

त्यांची लोकप्रियता किती होती, याचा एक किस्सा सांगतात. महात्मा गांधी खादी प्रदर्शनाचं उद्घाटन करतायत, असा एक छोटा चित्रपट दाखवला जात होता. त्याच्या जोडीला 'माधुरी'तला सुलोचनाबाईंचा नाच लावला गेला. गांधीजींच्या चित्रपटाच्या जोडीलाही त्यांचा नाच हवा होता, यावरून काय ते समजा.

त्यांचा पगार महिन्याला पाच हजार रुपये सांगितला जातो. मुंबईच्या गव्हर्नरलाही एवढा पगार नाही, अशी तेव्हा लोकांत बोलवा होती. बोलवा सोडून देऊ. त्याच काळात मुंबईच्या कापड गिरणीत दिवसभर राबणाऱ्या बाईला महिन्याला वीस रुपयांच्या आसपास मिळत. त्यावरून हिशोब करा. त्यांच्या एका महिन्याच्या पगारात अडीचशे गिरणी कामगार बायांचा महिन्याचा पगार निघाला असता.

आणि सिनेमा बोलायला लागला

१४ मार्च १९३१. गिरगावात मॅजेस्टिक थिएटरात 'आलम आरा' लागला. हिंदुस्थानातला पहिला बोलपट. तो काढला कुणी? सुलोचनाबाईंच्याच इम्पीरियल कंपनीने. स्टुडिओजवळून रेल्वे जायची. दिवसभर गाड्यांचा खडखडाट, तो आवाज यंत्रात शिरायचा. म्हणून शूटिंग मध्यरात्रीनंतर, गाड्या थांबल्यावर करत. आपण रोज लोकलचा आवाज ऐकणाऱ्या बाया, आपल्याला ही अडचण लगेच कळेल.

या बोलपटात नायिका झाली जुबेदा. कंपनीची सगळ्यात मोठी नटी सुलोचना, पण पहिल्या बोलपटात ती नाही. कारण एकच. तिला हिंदुस्थानी बोलता येत नव्हतं.

विचार करा, काय गंमत आणि काय दुर्दैव. एक मुलगी आवाजावर, बोलण्यावर पोट भरत होती. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये तेच तर काम. मग ती अशा धंद्यात आली, जिथे आवाज लागतच नाही, आणि तिथे ती पहिल्या नंबरला पोचली. आता तोच धंदा परत आवाज मागायला लागला, पण भाषा दुसरी. इंग्रजी चालत नव्हतं.

मूकपटाचे कितीतरी नट त्या एक-दोन वर्षांत मागे पडले. कुणाला भाषा येईना, कुणाचा आवाज पडद्यावर शोभेना. गाणंही स्वतःच गावं लागे, कारण दुसऱ्याने गायचं आणि नटाने ओठ हलवायचे, ही पद्धत यायला अजून काही वर्षं होती. डोळ्यांनी बोलण्याची दहा वर्षांची कमाई अपुरी पडली.

सुलोचनाबाईंनी काय केलं? एक वर्ष काम थांबवलं आणि हिंदुस्थानी शिकल्या. उच्चार, संवाद, बोलण्याची ढब, सगळं.

ही गोष्ट सोपी नाही, मैत्रिणींनो. आपलं नाव सगळीकडे झालंय, लोक ओळखतात, आणि आपण पुन्हा पाटी-पेन्सिल घेऊन बसायचं. चुकायचं, कुणीतरी हसणार, ते सोसायचं. आणि त्या वर्षात दुसऱ्या नट्या पुढे जातायत, तेही बघायचं.

वर्षानंतर त्या परत आल्या. १९३२ साली आला बोलणारा 'माधुरी'. स्वतःचेच गाजलेले मूकपट त्यांनी नव्याने बोलपट म्हणून केले. 'इंदिरा बी.ए.' होता, त्याच्या नंतर १९३४ साली 'इंदिरा एम.ए.' आला. मधल्या पाच वर्षांत इंदिरेचीही एक पदवी वाढली! १९३५ साली पुन्हा 'अनारकली', पुन्हा सुलोचना आणि बिलिमोरिया, पण आता बोलणारे. १९३६ साली 'वाइल्डकॅट'चा झाला 'बंबई की बिल्ली'. तेच काम, तोच माल, फक्त नव्या बाजाराला चालेल असा करून दिला.

त्याच सुमाराला त्यांनी स्वतःची कंपनीही काढली. नाव ठेवलं 'रूबी पिक्स'. पडद्यावरचं नाव सुलोचना, पण कंपनीला नाव आपलं स्वतःचं.

तिसरी अनारकली

पण ही भरभराट फार टिकली नाही. १९३८ साली इम्पीरियल कंपनी बंद पडली. पुढे बिलिमोरियांबरोबरची जोडीही संपली. बोलपटासाठीच तयार झालेल्या, चांगल्या गाणाऱ्या, वयाने लहान नट्या आल्या. सुलोचनाबाईंनी तिशी ओलांडली होती. पुरुष नट पन्नाशीपर्यंत नायक राहतो, बाईला तेवढी वर्षं कुणी देत नाही. तेव्हाही देत नव्हते.

मग आला १९५३चा 'अनारकली'. हा तुमच्यातल्या बऱ्याच जणींच्या आई-आजीने बघितला असेल. सी. रामचंद्रांचं संगीत, लताबाईंची गाणी, अजूनही रेडिओवर लागतात. त्यात अनारकली झाली बीना राय. आणि सुलोचनाबाई? त्या होत्या जोधाबाई, सलीमची आई. पंचवीस वर्षांपूर्वी ज्या सलीमच्या प्रेमासाठी पडद्यावर प्राण दिले, त्याच सलीमची आई.

एकच गोष्ट, तीन सिनेमे. १९२८ला मुकी अनारकली, १९३५ला बोलणारी अनारकली, १९५३ला अनारकलीच्या वाटेतली सासू. काही जण याला उतरण म्हणतील. मला त्यात दुसरंही काही दिसतं. ज्या सेटवर सगळ्यांना माहीत आहे, की ही एके काळची अनारकली, तिथे जाऊन आईचं काम नीट करून देणं, याला हिंमत लागते. त्या घरी बसल्या नाहीत. मिळेल ती लहान भूमिका करत सत्तरच्या दशकापर्यंत पडद्यावर दिसत राहिल्या.

१९७३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. देविकाराणींनंतर हा मान मिळालेली ती दुसरीच बाई. १० ऑक्टोबर १९८३ला मुंबईत त्या वारल्या, तेव्हा लोक त्यांना विसरून गेले होते. २०१३ साली भारतीय सिनेमाला शंभर वर्षं झाली, तेव्हा पोस्टाने त्यांचं तिकीट काढलं.

त्यांचे मूकपट बघायचे म्हटलं, तर ते मिळणं जवळजवळ अशक्य. आपल्या देशात हजारावर मूकपट निघाले, त्यातले अगदी थोडे उरलेत, तेही बरेच तुकड्या-तुकड्यांत. तेव्हाची फिल्म पटकन पेट घेई आणि कुजतही असे. शिवाय तिच्यात चांदीचा अंश असे, म्हणून जुनी फिल्म चांदी काढायला विकून टाकत. बोलपट आल्यावर मूकपटाला बाजारच उरला नव्हता. ज्या कामाला बाजार नाही, ते जपून ठेवावं, असं कुणाला वाटलं नाही.

अमेरिकेतली एक बाई

याच काळात अमेरिकेत मेरी पिकफर्ड नावाची मूकपटाची मोठी नटी होती. तिलाही प्रचंड पगार मिळे. पण १९१९ साली तिने चार्ली चॅप्लिन, डग्लस फेअरबँक्स आणि ग्रिफिथ या तिघांबरोबर 'युनायटेड आर्टिस्ट्स' नावाची कंपनी काढली. चौघांत एक बाई, आणि भागीदारी बरोबरीची. बोलपट आले. १९२९ला तिने पहिला बोलपट केला, त्याला ऑस्करही मिळालं. पण पुढचे सिनेमे तेवढे चालले नाहीत, आणि १९३३नंतर तिने अभिनय सोडला. तरी कंपनीतला तिचा हिस्सा पुढेही बरीच वर्षं तिचाच होता. पडद्यावरून चेहरा गेला, मालकी गेली नाही.

सुलोचनाबाईंनीही कंपनी काढली होती, हे आपण पाहिलं. पण त्यांच्या नावाची मोठी वर्षं दुसऱ्याच्या कंपनीत, पगारावर गेली. पगार कितीही मोठा असला, तरी काम थांबलं की तो थांबतो. हिस्सा असेल, तर तो मागे उरतो.

आपल्या बैठकीसाठी

आता आपल्याकडे येऊ. कुळगाव-बदलापूर आणि आसपासच्या गावांतल्या आपल्या गटांत बाया पापड, मसाले, लोणची करतात, शिवणकाम करतात, भाजी विकतात. हाताला चव आहे, कामाला नाव आहे. पण गेल्या काही वर्षांत बाजार बदलला. गिऱ्हाईक सुट्टे पैसे देत नाही, क्यूआर कोड मागतं. ऑर्डर व्हॉट्सअॅपवर येते. मालाचा व्हिडिओ काढून त्यात आपणच बोलायचं असतं. आणि इथे किती जणी मागे सरतात! "मला नाही बाई बोलता येत, तू बोल," म्हणून मोबाइल पोरीच्या हातात देतात. म्हणजे आपल्या धंद्यातही बोलपट आलाय, आणि आपण अजून मूकपटात आहोत.

सुलोचनाबाईंनी शिकायला एक वर्ष दिलं. आपल्याला एवढं लागणार नाही. गटात एक जण तरी असते, जिला हे येतं. दर बैठकीत अर्धा तास तिच्याकडून शिका. शिकणाऱ्या मावशीला हसायचं नाही, हा नियम मात्र ठरावात लिहून ठेवा.

दुसरी गोष्ट मालकीची. मशीन घेतलं तर पावती कुणाच्या नावावर? मसाल्याच्या पाकिटावर नाव कुणाचं? जागेचा करार, बँकेचं खातं, फोन नंबर, हे सगळं नवऱ्याच्या नाहीतर दुकानदाराच्या नावावर आणि राबणार आपण, असं चाललंय का? ते तपासा.

तिसरी गोष्ट उतारवयाची. हात आज चालतायत, उद्या थकतील. आपल्या पंचसूत्रात बचत आहेच, पण ती बरीचशी कर्जात फिरते. म्हातारपणासाठी वेगळं काही आहे का? अटल पेन्शन योजनेत १८ ते ४० वयापर्यंत नाव घालता येतं, आणि साठीनंतर महिन्याला एक ते पाच हजार रुपये पेन्शन मिळते. किती मिळणार, ते आपण किती भरतो त्यावर ठरतं. बँकेत किंवा पोस्टात जाऊन चौकशी करा. ज्यांचं वय चाळीसच्या पुढे गेलंय, त्यांनी सुनेचं, मुलीचं नाव आधी घाला.

पुढच्या बैठकीत या तीन प्रश्नांवर प्रत्येकीने बोलायचं. माझ्या कामात काय नवीन आलंय, जे मला शिकायचंय? माझ्या कामातलं काय माझ्या नावावर आहे? आणि काम थांबलं, तर माझ्याकडे किती महिन्यांचं आहे? उत्तरं गटाच्या वहीत लिहा आणि वर्षभराने पुन्हा उघडून बघा.

आणि रेडिओवर कधी 'अनारकली'ची गाणी लागली, तर सलीमच्या आईची आठवण काढा.